बोलणे स्पष्ट ऐकवणारा साउंडबार कमी खर्चात कसा निवडावा

आमच्या बैठकीच्या खोलीतील ४३ इंची टीव्हीचा आवाज बातम्यांच्या वेळी १८ वर पुरत असे आणि मालिका किंवा चित्रपट सुरू झाला की ३५ वर न्यावा लागत असे. ३५ वरही बाबा दर काही मिनिटांनी "काय म्हणाली ती?" असे विचारत, आणि त्याच वेळी पार्श्वसंगीत इतके मोठे येई की शेजारच्या खोलीत अभ्यास करणारी मुलगी उठून दार लावून घेई. संच नवा होता आणि चित्र उत्तम होते. बाबांच्या कानांची तपासणीही झालेली होती. वयोमानानुसार होणाऱ्या घटीपलीकडे तीत काही निघाले नव्हते. साउंडबार, म्हणजे टीव्हीखाली ठेवायची स्पीकरची लांब पट्टी, घ्यायचे ठरले ते या अडचणीतून. गेल्या दोन वर्षांत आमच्या घरी तीन वेगवेगळ्या प्रकारचे साउंडबार वापरून झाले. पहिला परत पाठवला, दुसरा भावाकडून महिनाभरासाठी आणला होता आणि तिसरा आज टीव्हीखाली आहे. या तिन्हींच्या कंपन्यांची नावे मी मुद्दाम देत नाही, कारण स्वस्त गटातील मॉडेल फार लवकर बदलतात. त्यांचे प्रकार मात्र तेच राहतात, आणि निवड खरे तर प्रकाराचीच करायची असते.

माझे मत आधीच सांगते. हात राखून खर्च करायचा असेल, तर साउंडबारसाठी दिलेला प्रत्येक पैसा बोलण्याच्या स्पष्टतेवर खर्च झाला पाहिजे. चॅनेलची, म्हणजे आवाजाच्या स्वतंत्र प्रवाहांची, संख्या, वॉटचे आकडे आणि खोक्यावरची चिन्हे यांचा विचार त्यानंतर करावा.

टीव्हीचा स्वतःचा आवाज अपुरा का पडतो, हे समजले की साउंडबारकडून काय अपेक्षा ठेवायची हेही स्पष्ट होते. संच पातळ होत गेले आणि पडद्याभोवतीची चौकट नाहीशी होत गेली, तशी स्पीकरला समोर तोंड करून बसायला जागाच उरली नाही. बहुतेक संचांत ते खालच्या कडेला जमिनीकडे किंवा पाठीमागे भिंतीकडे तोंड करून बसवलेले असतात, आणि आपल्या कानावर पडतो तो आवाज बराचसा फळीवरून किंवा भिंतीवरून परतून आलेला असतो. खालच्या पट्टीतील ध्वनी निर्माण करायला पुष्कळ हवा हलवावी लागते. तेवढ्याच मोठ्या आवाजात एक सप्तक खाली उतरायचे झाले, तर स्पीकरच्या पडद्याला चौपट हवा ढकलावी लागते. काही सेंटीमीटरच्या चपट्या स्पीकरला हे जमत नाही आणि आवाज पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखा पोकळ लागतो. ही उणीव सर्वांच्या लगेच लक्षात येते, म्हणून जाहिरातीही तिच्याविषयीच बोलतात. आमची अडचण मात्र वेगळी होती. उंच पट्टीतील ध्वनी टॉर्चच्या झोतासारखे सरळ जातात आणि स्पीकरचे तोंड आपल्याकडे नसेल तर ते वाटेतच क्षीण होतात. बोलण्यातील व्यंजने याच पट्टीत असतात.

पुरुषाच्या आवाजाचा मूळ ध्वनी साधारणपणे ८५ ते १८० हर्ट्झ (सेकंदाला तेवढी कंपने) आणि स्त्रीच्या आवाजाचा १६५ ते २५५ हर्ट्झ यांदरम्यान असतो. आवाजाचे वजन तेथून येते. पण शब्द नेमका कोणता, हे सांगणारी स, श, फ, त, च यांसारखी व्यंजने बव्हंशी २,००० ते ८,००० हर्ट्झच्या टप्प्यात असतात आणि स्वरांच्या मानाने त्यांची ताकद फारच कमी असते. 'चार', 'तार', 'फार' आणि 'सार' हे शब्द घ्या. त्यांतील 'आर' सर्वांना ऐकू येतो आणि सगळा अर्थ पहिल्या व्यंजनावर अवलंबून असतो. वय वाढते तशी ऐकण्याची क्षमता प्रथम उंच पट्टीत कमी होते, म्हणून वडीलधाऱ्यांना कोणीतरी बोलते आहे हे कळते, पण काय बोलते आहे ते कळत नाही. अशा वेळी रिमोटवरून आवाज वाढवला, तर व्यंजनांबरोबर स्वर, संगीत आणि गोंगाट हे सारेच वाढते आणि त्यांच्यातील प्रमाण आहे तेच राहते. जुन्या दूरध्वनीवर ३०० ते ३,४०० हर्ट्झ एवढाच पट्टा पोहोचत असे आणि तरीही माणसांनी त्यावर आयुष्यभराचे व्यवहार केले. बोलणे समजण्यासाठी धडधडणाऱ्या खर्जाची गरज नसते, हे मला या एका उदाहरणाने पटले.

पहिला साउंडबार घेताना मला यांतील काहीच ठाऊक नव्हते. खोक्यावर '५.१' असे ठळक छापलेले होते, वॉटचा आकडा तीन अंकी होता आणि सोबत बिनतारी सबवूफर, म्हणजे खर्जासाठीचा वेगळा स्पीकर, होता. या आकड्यांचा अर्थ असा असतो: पहिला आकडा कानाच्या पातळीवरील चॅनेलचा, दुसरा सबवूफरचा आणि तिसरा असलाच तर छताकडून येणाऱ्या आवाजाच्या चॅनेलचा. म्हणजे ५.१ मध्ये समोर डावा, मधला आणि उजवा, शिवाय दोन बाजूंचे किंवा मागचे आणि एक सबवूफर अपेक्षित असतो. आमच्याकडे आलेल्या पट्टीत मागचे स्पीकर नव्हतेच, आणि जाळीआड दोनच लहान स्पीकर होते. बाकीचे चॅनेल आवाजावर प्रक्रिया करून भासवलेले होते. असा आभास निर्माण करणे गैर नाही, काही चांगल्या पट्ट्या ते सफाईने करतात; परंतु स्वस्त पट्टीत ही प्रक्रिया चालू केली की आवाज रुंद होतो आणि त्याच वेळी मधला, म्हणजे बोलण्याचा, आवाज धूसर होतो. पहिल्या संध्याकाळी मारामारीची दृश्ये पाहून आम्ही सगळेच खूश झालो. तिसऱ्या दिवशी बाबांनी पुन्हा तोच प्रश्न विचारला. आठवड्याभरात आणखी एक दोष उघड झाला: रात्री आवाज अगदी कमी ठेवला की सिग्नल येत नाही असे समजून पट्टी आपोआप बंद होई आणि ऐन प्रसंगात ती पुन्हा चालू करावी लागे. परत करण्याची मुदत संपण्यापूर्वी ती आम्ही परत पाठवली.

वॉटच्या आकड्याविषयी येथेच सांगते, कारण फसगत होण्याची सर्वांत मोठी जागा तीच आहे. शक्ती दुप्पट केली की आवाज फक्त ३ डेसिबलने वाढतो, आणि कानाला आवाज साधारण दुप्पट वाटण्यासाठी १० डेसिबलची, म्हणजे दहापट शक्तीची, वाढ लागते. त्यामुळे १०० वॉट आणि २०० वॉट यांत घरात जाणवणारा फरक बेताचाच असतो. शिवाय तो आकडा सलग शक्तीचा आहे की क्षणभराच्या शिखराचा, आणि तो देताना आवाज किती विकृत होऊ दिला आहे, हे खोक्यावर क्वचितच लिहिलेले असते. आर.एम.एस. हा सलग शक्तीचा आकडा दिलेला असेल तेवढाच विचारात घ्यावा, पी.एम.पी.ओ. असे लिहिलेला क्षणिक शिखराचा आकडा सरळ सोडून द्यावा. मध्यम खोलीत तीन मीटरवर बसून टीव्ही पाहताना सरासरीने काही वॉटच खर्ची पडतात, त्यामुळे साध्या, बऱ्या पट्टीची शक्तीही पुरून उरते.

भावाकडून आणलेली दुसरी पट्टी जेमतेम ६० सेंटीमीटर रुंद होती. तिला सबवूफर नव्हता, छतावर आवाज फेकण्याचे दावेही नव्हते. समोर तोंड केलेले दोन स्पीकर आणि रिमोटवर बोलणे उठावदार करणारे एक बटण, एवढेच तिचे भांडवल होते. बाबांनी पहिल्याच रात्री एक संपूर्ण भाग एकही प्रश्न न विचारता पाहिला, आणि तेही टीव्हीच्या आधीच्या आवाजापेक्षा पुष्कळ कमी आवाजात. ते बटण व्यंजनांचा पट्टा थोडा उचलते आणि खालचा पट्टा थोडा दाबते. संगीत ऐकताना ते बंद करावे लागते, अन्यथा गाणे टोचरे लागते. या पट्टीची मर्यादा चित्रपटात दिसली. ढगांचा गडगडाट तिला पेलत नव्हता, आणि आवाज वाढवला की ती कण्हल्यासारखी वाटे. तरीही बातम्या, मालिका, मुलाखती आणि खेळांचे समालोचन हेच ज्या घरात मुख्यतः पाहिले जाते, त्या घराने याहून अधिक खर्च करू नये असे मला वाटते. लहान खोलीत आणि ज्यांची भिंत दुसऱ्याच्या घराला लागून आहे अशांना तर सबवूफर नसणे हीच सोय आहे, कारण खर्ज भिंतीतून सहज पलीकडे जातो.

तिसरा, जो आम्ही ठेवला, तो ३.१ प्रकारचा आहे. यात डावा आणि उजवा यांच्या जोडीला मधला स्वतंत्र स्पीकर आहे आणि सबवूफर वेगळा आहे. मधल्या स्पीकरचे महत्त्व असे की, बहुतेक चित्रपटांच्या आणि अलीकडील मालिकांच्या ५.१ ध्वनिमिश्रणात संवाद प्रामुख्याने मधल्या चॅनेलमध्ये ठेवलेले असतात. पट्टीत दोनच स्पीकर असले, की हे संवाद डाव्या आणि उजव्या स्पीकरमध्ये समान वाटून संगीताबरोबर मिसळले जातात. समोर बरोबर मध्ये बसणाऱ्याला ते मधूनच येतात असे वाटते, पण बाजूच्या खुर्चीत बसणाऱ्यापर्यंत एकच ध्वनी दोन ठिकाणांहून किंचित वेगवेगळ्या वेळी पोहोचतो आणि काही वारंवारता एकमेकींना खोडून काढतात. बाबांची खुर्ची नेमकी बाजूला आहे. मधला स्पीकर स्वतंत्र असला की हा घोळ होत नाही. आणखी मोठा लाभ म्हणजे फक्त मधल्या चॅनेलची पातळी वाढवता येते: आम्ही ती तीन पायऱ्यांनी वर ठेवली आहे आणि संगीत आहे तेथेच आहे. माझ्या दृष्टीने या पट्टीवर केलेला जादा खर्च या एका सोयीनेच वसूल झाला. खरेदीपूर्वी माहितीपुस्तिका पाहून मधल्या चॅनेलची पातळी वेगळी बदलता येते का, हे अवश्य तपासावे. काही पट्ट्यांत मधला स्पीकर असतो, पण त्याची सूत्रे आपल्या हाती दिलेली नसतात.

तिच्यात दोष नाहीत असे नाही. पुढच्या बाजूला आकडे दाखवणारी पाटी नसून चार लहान दिवे आहेत, आणि कोणता दिवा किती वेळा लुकलुकला म्हणजे काय, हे पुस्तिका पाहिल्याशिवाय कळत नाही. स्वस्त गटात ही काटकसर सर्रास आढळते. ज्येष्ठांसाठी घेत असाल, तर आकडा दाखवणाऱ्या पट्टीसाठी थोडे अधिक मोजणे मी योग्य मानते.

जोडणीकडे बहुतेक जण शेवटी पाहतात. ती आधी पाहावी. टीव्हीच्या मागे एचडीएमआयच्या ज्या खोबणीवर 'एआरसी' किंवा 'ईएआरसी' असे लिहिलेले असते, त्याच खोबणीतून आवाज टीव्हीकडून पट्टीकडे उलट येतो. शेजारच्या, दिसायला तशाच खोबणीतून तो येत नाही. एआरसी ही सोय २००९ साली एचडीएमआय १.४ बरोबर आली आणि ईएआरसी २०१७ च्या एचडीएमआय २.१ बरोबर. दोहोंतील फरक वाहून नेण्याच्या क्षमतेचा आहे: एआरसी सुमारे १ मेगाबिट प्रतिसेकंद वाहते, ईएआरसी ३७ मेगाबिटपर्यंत. परवडणाऱ्या पट्टीला साधे एआरसी पुरेसे आहे, कारण इंटरनेटवरून येणारे चित्रपट आणि मालिका ज्या संकुचित, म्हणजे दाबून लहान केलेल्या, स्वरूपात आवाज पाठवतात तो त्यातून सहज जातो. ईएआरसीची खरी गरज ब्लू-रे चकत्यांवरील असंकुचित दर्जाच्या आवाजासाठी लागते. एचडीएमआयने जोडण्याचा रोजचा लाभ मात्र वेगळाच आहे. सीईसी नावाच्या सोयीमुळे टीव्हीच्याच रिमोटने पट्टीचा आवाज कमीजास्त होतो आणि टीव्हीबरोबर ती चालू-बंद होते. सॅमसंगच्या संचात तिला ॲनीनेट प्लस, एलजीच्या संचात सिम्पलिंक आणि सोनीच्या संचात ब्राव्हिया सिंक म्हणतात. नाव वेगळे असल्यामुळे ती बंदच राहून गेलेली अनेक घरांत आढळेल. बाबांना दोन रिमोट सांभाळावे लागले असते, तर कितीही चांगली पट्टी आमच्या घरात टिकली नसती.

एआरसी नसलेल्या जुन्या संचाला ऑप्टिकल, म्हणजे प्रकाशाच्या रूपात आवाज नेणारी, केबल हा चांगला पर्याय आहे. टॉसलिंक या नावाची ही जोडणी तोशिबाने १९८३ साली आणली. तिच्यातून दोन चॅनेलचा पूर्ण दर्जाचा किंवा ५.१ चा संकुचित आवाज जातो आणि कानाला ती एआरसीपेक्षा कमी वाटत नाही. केबलच्या टोकांवरील पारदर्शक टोप्या काढायला मात्र विसरू नये. ऑप्टिकलमधून रिमोटचे आदेश जात नाहीत, त्यामुळे आवाजासाठी पट्टीचा स्वतःचा रिमोट वापरावा लागतो. काही पट्ट्या टीव्हीच्या रिमोटचे संकेत शिकून घेतात आणि ही गैरसोय टळते.

ब्लूटूथने टीव्ही जोडू नये, असे मी स्पष्टपणे सांगेन. फोनवरील गाण्यांसाठी ते उत्तम आहे, पण त्याच्या सर्वसाधारण पद्धतीत आवाज पोहोचायला १०० ते २०० मिलिसेकंद किंवा त्याहूनही अधिक वेळ लागतो. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या बीटी.१३५९ या शिफारशीनुसार आवाज चित्राच्या ४५ मिलिसेकंद पुढे किंवा १२५ मिलिसेकंद मागे गेला की तो फरक प्रेक्षकाच्या लक्षात येऊ लागतो. मागे पडलेला आवाज आपण अधिक खपवून घेतो, कारण निसर्गातही दूरचा आवाज दृश्यानंतरच येतो. पण ओठ आणि शब्द जुळेनासे झाले, की ओठांकडे पाहून समजून घेणाऱ्या ज्येष्ठांचा एक मोठा आधारच जातो. बाबा असे ओठ पाहतात, हे आमच्याही लक्षात तेव्हाच आले. पट्टीच्या मेनूत आवाज जुळवण्याची जी सोय असते ती आवाजाला आणखी मागे ढकलते, पुढे आणत नाही. त्यामुळे ब्लूटूथमुळे झालेला उशीर तिने सुधारत नाही.

जोडणी बरोबर असूनही आवाज येत नसेल, तर पट्टी सदोष आहे असे लगेच समजू नये. टीव्हीच्या ध्वनी मेनूत बाहेर जाणाऱ्या आवाजाचे स्वरूप निवडता येते. स्वस्त पट्ट्यांपैकी काहींना डॉल्बी या चित्रपट-मालिकांच्या ध्वनिपद्धतीचा संकुचित प्रवाह उलगडता येत नाही. टीव्हीने तो तसाच पाठवला तर पट्टी गप्प राहते. तेथे 'पीसीएम' निवडले, की टीव्ही स्वतः तो उलगडून साध्या दोन चॅनेलमध्ये देतो आणि आवाज सुरू होतो. मधला स्पीकर असलेल्या पट्टीसाठी मात्र उलटे करावे लागते: तेथे 'ऑटो' किंवा 'बिटस्ट्रीम' ठेवावे, नाहीतर मधल्या स्पीकरसाठी वेगळे आलेले संवाद टीव्हीमध्येच मिसळून जातात आणि ज्यासाठी खर्च केला तेच हरवते. आमच्या पट्टीचे पहिले चार दिवस याच चुकीत गेले.

सबवूफरविषयी थोडे विस्ताराने सांगण्यासारखे आहे. सुमारे ८० हर्ट्झच्या खालचा आवाज कोणत्या दिशेने येतो हे कानाला ओळखता येत नाही, म्हणून सबवूफर कोठेही ठेवला तरी चालतो असे सांगितले जाते. मोठ्या, महागड्या स्पीकरसंचात ते खरे असते. बारीक पट्टीतील लहान स्पीकर मात्र इतक्या खाली उतरू शकत नाहीत, त्यामुळे अशा संचात सबवूफरला अनेकदा १५० हर्ट्झच्या आसपासपर्यंत किंवा त्याच्याही वर काम करावे लागते, आणि पुरुषाच्या आवाजाचा तळ त्याच टप्प्यात आहे. आम्ही सबवूफर सोफ्याच्या बाजूला ठेवला तेव्हा वृत्तनिवेदकाचे निम्मे बोलणे जमिनीतून आल्यासारखे वाटत होते. तो टीव्हीच्या कपाटाशेजारी नेल्यावर आवाज पुन्हा चेहऱ्याशी जुळला. कोपऱ्यात तो ठेवू नये, कारण दोन भिंती आणि जमीन मिळून खर्ज फुगवतात. खोलीची लांबीही आपले म्हणणे मांडते: आमची खोली ४ मीटर लांब आहे आणि ध्वनीचा वेग सेकंदाला ३४३ मीटर धरला, तर सुमारे ४३ हर्ट्झचा ध्वनी तिच्यात घुमतो. एखादाच ठोका इतरांपेक्षा मोठा वाटत असेल, तर सबवूफर अर्धा मीटर सरकवून पाहावा. पुष्कळदा तेवढ्याने काम होते. बिनतारी म्हटलेल्या सबवूफरलाही विजेची तार लागतेच, तेव्हा प्लग कोठे आहे हे आधी पाहून ठेवावे.

डॉल्बी ॲटमॉस हे चिन्ह आता स्वस्त पट्ट्यांवरही दिसू लागले आहे. २०१२ साली चित्रपटगृहांसाठी आलेल्या या पद्धतीत आवाजाला उंचीही असते, आणि घरात ती उंची साधण्यासाठी वर तोंड केलेले स्पीकर छतावर आवाज आपटून खाली आणतात. त्यासाठी छत सपाट, कठीण आणि फार उंच नसलेले हवे. वर तोंड केलेले स्पीकरच नसतील, तर ते चिन्ह एवढेच सांगते की पट्टीला तो प्रवाह उलगडता येतो आणि उंची भासवली जाते. कमी खर्चाच्या मर्यादेत या चिन्हासाठी जादा मोजू नये. त्याच रकमेत मधला स्पीकर असलेली पट्टी मिळत असेल, तर तीच घ्यावी.

बाजारातील परिचित मॉडेल पाहिली, तर हे प्रकार सहज ओळखता येतात. यामाहा एसआर-बी२०ए या सुमारे ९१ सेंटीमीटर रुंद पट्टीत सबवूफर आतच बसवलेले आहेत, बोलणे उठावदार करणारी 'क्लिअर व्हॉइस' सोय आहे आणि पुढे वाटल्यास वेगळा सबवूफर जोडण्याची खोबणही आहे. जागा कमी असणाऱ्यांसाठी ही रचना मला फार समंजस वाटते. बोसच्या 'टीव्ही स्पीकर' या लहान पट्टीत मध्यभागी उंच पट्टीसाठी स्वतंत्र स्पीकर आहे आणि संवादांसाठी रिमोटवर थेट बटण आहे. सोनोस रे ही २०२२ ची पट्टी केवळ ऑप्टिकल केबलने टीव्हीला जोडते, तिला एचडीएमआय नाही. घेण्यापूर्वी हे लक्षात घेतलेच पाहिजे. सोनी एचटी-एस२०आर मध्ये खरोखरचे मागचे दोन स्पीकर मिळतात, पण ते तारेने जोडायचे असतात. खोलीच्या कडेने तार नेण्याची तयारी असलेल्या चित्रपटप्रेमींसाठी तो संच आहे, बोलणे ऐकू यावे एवढ्याचसाठी नाही.

मापही मोजून घ्यावे. ४३ इंची संच सुमारे ९५ सेंटीमीटर आणि ५५ इंची सुमारे १२२ सेंटीमीटर रुंद असतो. पट्टी त्याहून रुंद नसावी. टीव्हीच्या पायांमध्ये ती बसते का आणि तिच्या उंचीमुळे टीव्हीचा रिमोट घेणारा डोळा झाकला जातो का, हे पाहावे. पट्टी कपाटाच्या फळीवर आत सरकवून ठेवू नये. तिचे तोंड कडेशी यावे, नाहीतर आवाज पुन्हा फळीवर आपटतो आणि टीव्हीचाच दोष परत येतो.

दुकानात ऐकवतात ती बहुधा स्फोटांची आणि वाद्यांची ध्वनिफीत असते, आणि दुकानातला गोंगाटही मोठा असतो. त्याऐवजी आपल्या माहितीतील एखाद्या मालिकेचा असा प्रसंग लावायला सांगावा, ज्यात दोन माणसे हळू आवाजात बोलत आहेत आणि मागे संगीत आहे. आवाज कमी करत न्यावा आणि शब्द कोठपर्यंत कळतात ते पाहावे. मग बाजूला दोन पावले सरकून तोच प्रसंग पुन्हा ऐकावा. काहीही चालू नसताना कान जवळ नेऊन सतत सूं सूं येत नाही ना, हेही ऐकावे. घरात ज्यांना ऐकायला सर्वांत जास्त त्रास होतो त्यांना सोबत नेता आले, तर इतर कोणाचे मत विचारण्याची गरजच उरत नाही. हे शक्य नसेल, तर परत करण्याची मुदत देणाऱ्याकडूनच घ्यावे आणि त्या मुदतीत रोज जे पाहतो तेच पाहावे.

आता आमच्याकडे रात्री 'नाइट मोड' चालू असतो. तो मोठे आवाज दाबतो, हळू आवाज उचलतो आणि मुलीच्या खोलीचे दार उघडे राहू देतो. चित्रपट मन लावून पाहायचा असेल तेव्हा आम्ही तो बंद करतो, कारण त्यामुळे गडगडाट आणि कुजबुज यांतील अंतर सपाट होते. काही चित्रपटांत संवाद मुळातच पुटपुटत बोललेले आणि संगीताखाली गाडलेले असतात. मधला चॅनेल कितीही वर नेला तरी तेथे पट्टीचा इलाज चालत नाही, आणि अशा वेळी बाबा स्वतःच रिमोट घेऊन पडद्यावर शब्द दाखवणारी ओळ चालू करतात.